लोभ असो दीजे

राजा उभ्यानं हात धुतो आहे. वॉर्डर गावातल्या आतल्या खोलीत तुम्ही दाराशी, इतरांच्या खांद्यांमागे उभे आहात. ओल्या लोकरीचा आणि चुलीच्या धुराचा वास खोलीभर साचलाय. हा वेसेक्सचा राजा आल्फ्रेड. ८९९ साली तो जाणार आहे आणि ही त्याआधीची शेवटशेवटची वर्षं आहेत. त्याच्यापुढं आलेला तंटा जमिनीचा आहे. हेल्मस्टान नावाच्या माणसानं एकाचा कमरपट्टा चोरला आणि त्याची पत गेली. पत गेलेल्याची जमीन लाटायला लोक टपलेलेच असतात. एथेलहेल्म हिगा नावाचा माणूस फॉन्टहिलच्या पाच हाइड जमिनीवर हक्क सांगत उभा राहिला. पंचांनी निवाडा दिला, तो हिगाला मानवला नाही, म्हणून सगळी मंडळी इथं आली. राजाचे हात धुऊन होतात आणि मगच तो हिगाला विचारतो, की या निवाड्यात तुला काय गैर वाटलं?

एवढा बारकावा आपल्याला ठाऊक आहे तो एका पत्रामुळं. चला, त्या पत्रापाशी जाऊ. आता आल्फ्रेडचा मुलगा एडवर्ड गादीवर आहे. खटला अजून धुमसतोच आहे, कारण हेल्मस्टाननं मध्यंतरी फॉन्टहिलचे बैल चोरले. पळताना काटेरी झुडपानं त्याचं तोंड ओरबाडलं आणि तोच पुरावा त्याच्यावर शेकला. वॉर्डरच्या खोलीत हजर असलेला एक बडा सरदार, अभ्यासकांच्या मते ऑर्डलाफ, नव्या राजाला सगळी हकिगत कळवायला बसला आहे. तुम्ही त्याच्या चर्मपत्रावर वाकून पाहा. पहिलाच शब्द आहे 'लेओफ'. 'ले' आणि 'ओ' एका दमात जोडून म्हणायचे आणि शेवटी ओठ दाताला टेकवायचे.

लेओफ म्हणजे प्रिय, लाडका, जिवाचा. बायको नवऱ्याला म्हणेल, आई लेकराला म्हणेल, तोच शब्द. आणि इथं तो एका सरदारानं राजाला घातलेली हाक म्हणून आला आहे. आपण 'महाराज' लिहू त्या जागी. पुढं मजकुराच्या मध्येही तो ही हाक घालतो, विशेषतः जिथं त्याचा धीर सुटत चाललेला दिसतो. पैसा देऊन आणि शपथ वाहूनही तंटा संपत नसेल तर तो संपणार तरी कधी, असं तो राजाला विचारतो आणि त्याआधी 'लेओफ' म्हणतो. हे चर्मपत्र आज कँटरबरी कॅथीड्रलच्या दफ्तरात आहे. कायद्याचे अभ्यासक त्यात त्या काळची न्यायपद्धत वाचतात. मला त्यात आधी ती हाक दिसते. हजार वर्षांपूर्वीच्या कोर्टकचेरीच्या कागदाची सुरुवात मायेच्या शब्दानं होते, आणि लिहिणाऱ्याला त्यात काही विशेष वाटत नाही.

ही माया खरी की दरबारी रीत? उत्तरासाठी शंभरेक वर्षं पुढं, एका मठाच्या शाळेत बसा. एल्फ्रिक नावाच्या गुरूनं मुलांना लॅटिन शिकवायला संवाद रचले आहेत आणि कुणीतरी लॅटिन ओळींवर बारीक अक्षरात जुनी इंग्रजी लिहिली आहे. एक मुलगा नांगऱ्या होतो. तुझं काम काय, असं विचारल्यावर तो सांगतो, की फार कष्ट आहेत. पहाटे बैल हाकून शेतावर जावं लागतं, थंडी कितीही असो, मालकाच्या धाकानं घरी थांबता येत नाही. रोज एकर तरी नांगरायचाच. पराणी घेऊन सोबत असलेल्या पोराचा आवाज गारठ्यानं आणि ओरडून बसला आहे. आणि हे सारं कशामुळं, तर तो मोकळा माणूस नाही म्हणून. हे तो ज्याला सांगतो त्याला हाक काय मारतो? 'लेओफ' धनी. लाडक्या धन्या.

त्या वर्गात तुम्हाला अवघडल्यासारखं होईल आणि ते व्हायलाच हवं. बांधलेल्या माणसाच्या तोंडी प्रेमाचा शब्द आला की त्यात धाक किती आणि ओढ किती, हे तोलता येत नाही. तरी मी त्या हाकेला पोकळ म्हणणार नाही. ज्याच्याकडून काही मागायचं आहे, त्याला आपलं माणूस करून मग मागायचं, ही त्यातली धडपड मला खरी वाटते.

आता मागं वळा, अडीचशेहून जास्त वर्षं. डॉर्सेटमधलं विम्बर्न, साल ७३२ च्या आसपास. उंच भिंतींच्या आत स्त्रियांचा मठ आहे आणि शेजारी पुरुषांचा वेगळा. मठाधिकारी टेट्टा बाहेरच्यांशी बोलायचं झालं तर खिडकीतून बोलते. आत एक तरुण संन्यासिनी लॅटिन पत्र लिहिते आहे. तिचं खरं नाव थ्रुटगेबा, पण सगळे तिला लेओबगिथा म्हणतात, थोडक्यात लिओबा. ती सगळ्यांची लाडकी होती म्हणून हे नाव पडलं, असं तिचं चरित्र लिहिणारा फुल्डाचा रुडोल्फ सांगतो. म्हणजे त्या मठात आपला शब्द विशेषनाम होऊन हिंडतो आहे.

पत्र आहे बोनिफेसला. तो समुद्रापलीकडं जर्मन मुलखात ख्रिस्ती धर्म सांगत फिरतो आहे. लिओबा त्याला आठवण देते, की माझे वडील तुमचे मित्र होते, त्यांना जाऊन आठ वर्षं झाली. आई आजारी आहे. मी त्यांची एकुलती एक, म्हणून तुम्ही मला भावासारखे व्हा. सोबत एक लहानशी भेट पाठवते आणि आपण रचलेल्या लॅटिन ओळी, दुरुस्त करून द्या अशा विनंतीसह. वाकून वाचताना तुमच्या लक्षात येईल, की ती संकोचानं लिहिते, पण जे हवं ते नेमकं मागते.

तिला भाऊ मिळाला. बोनिफेसनं तिला बोलावून घेतलं आणि टाउबरबिशोफ्सहाइमच्या मठाची प्रमुख केलं. रुडोल्फनं तिचं एक स्वप्न नोंदवलं आहे. तोंडातून जांभळा धागा निघतो, ओढावा तितका येत राहतो, ती त्याचा गुंडा करत राहते आणि दमून जागी होते. एका वृद्ध संन्यासिनीनं अर्थ सांगितला, की हा धागा म्हणजे तुझ्या अंतःकरणातून निघणारी शहाणपणाची वाणी. ७५४ साली शेवटच्या प्रवासाला निघताना बोनिफेसनं आपला झगा तिला दिला आणि मृत्यूनंतर दोघांना एकाच थडग्यात ठेवा, असं शिष्यांना सांगून ठेवलं. डोक्कुमजवळ तो मारला गेला. बऱ्याच वर्षांनी लिओबा गेली, तेव्हा त्याचं थडगं उघडण्याचं धाडस फुल्डाच्या साधूंना झालं नाही. त्यांनी तिला वेदीच्या उत्तरेला पुरलं. मला त्या साधूंचं वाईट वाटतं. शब्द पाळणं त्यांच्या हातात होतं.

१०६६ झालं. नॉर्मन आले, दरबार फ्रेंच बोलू लागला आणि राजाला घालायची हाक 'सर' झाली. 'लेओफ' दरबारातून उठला आणि घरात, देवळात जाऊन बसला. तिथं त्याला भेटायला १२२५ च्या सुमाराला इंग्लंडच्या पश्चिमेकडं चला. चर्चच्या भिंतीला चिकटून एक कोठडी आहे. आत आयुष्यभरासाठी कोंडून घेतलेली साधिका. एक खिडकी देवळात उघडते, दुसरीवर काळा पडदा आणि त्यावर पांढरा क्रूस. अशाच तीन सख्ख्या बहिणींसाठी त्यांच्या गुरूनं नियमांचं एक मोठं पुस्तक लिहिलं आहे, 'अँक्रीन विसे'. त्यात फार बोलू नका, शिकवणी करू नका, गुरंढोरं बाळगू नका असं पुष्कळ आहे. एका ठिकाणी तो म्हणतो, मांजराखेरीज कुठलाही प्राणी ठेवू नका. आणि हे सांगताना 'माझ्या लाडक्या बहिणींनो' म्हणतो. त्या 'लाडक्या'च्या जागी आपलाच शब्द आहे, आता 'लेओव्ह' झालेला. ऑर्डलाफ ही हाक खालून वर घालत होता, हा गुरू वरून खाली घालतो. नियम कडक आहेत, पण हाकेनं त्यांना हात फिरवल्यासारखं मऊ केलं आहे. मांजराची मुभा मला त्याच मायेतली वाटते.

याच काळात 'लेओफ' आणि 'मॅन' जुळून 'लेमन' हा शब्द रुळला. 'मॅन'चा अर्थ तेव्हा बाई किंवा बाप्या, कुणीही माणूस. लेमन म्हणजे जिवाचं माणूस. कोठडीतल्या साधिकेला सांगितलं जातं, की तुझा खरा लेमन येशू. हेल्सच्या थॉमस या फ्रान्सिस्कन साधूकडं एका साधिकेनं प्रेमगीत मागितलं, तेव्हा त्यानं तिच्यासाठी खऱ्या लेमनचं गाणं रचलं, ते याच अर्थानं. आपल्याकडं विठ्ठलाला माउली आणि सखा म्हणणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको.

शब्दाची घसरण पाहायची असेल तर १४ व्या शतकाच्या अखेरीस चॉसरच्या यात्रेकरूंबरोबर घोड्यावर बसा. कँटरबरी जवळ आली आहे. स्वयंपाकी इतका प्यायला आहे की घोड्यावरून खाली आला आणि सगळ्यांनी मिळून त्याला पुन्हा वर चढवलं. मग मॅन्सिपल, म्हणजे वकिलांच्या वसतिगृहाचा सामान खरेदी करणारा माणूस, गोष्ट सांगू लागतो. फीबसनं पाळलेला पांढरा कावळा आहे, फीबसची बायको आहे, नवरा बाहेर गेल्यावर तिनं कुणाला तरी बोलावलं. कुणाला? 'लेमन'ला, असं तो म्हणतो आणि मध्येच थांबतो. माफ करा, म्हणतो, हलका शब्द निघून गेला.

मग तो गोष्ट बाजूला ठेवून जे बोलतो ते लगाम ओढून नीट ऐका. थोरामोठ्यांच्या घरची बाई वाकडं पाऊल टाकते आणि गरिबाघरची टाकते, कृत्य एकच. पण थोर घरच्या बाईला तिच्या प्रियकराची 'लेडी' म्हणतात आणि गरीब बाईला 'लेमन'. मोठी फौज घेऊन मुलूख जाळणारा तो सेनापती, चार माणसं घेऊन लुटणारा तो चोर, हेही त्याच दमात. आपण पुस्तकी माणूस नाही, असं म्हणत तो पुन्हा गोष्टीकडं वळतो. भाषेतला वर्गभेद इतक्या थोडक्यात आणि इतक्या उघडपणे मांडलेला मी क्वचितच वाचला आहे. दीडशे वर्षांपूर्वी जो शब्द येशूसाठी होता, तो आता गरीब बाईच्या अंगावर फेकायचा झाला. या मधल्या काळात त्या बायका बदलल्या नव्हत्या. बोलणारे बदलले होते.

पुढचा मुक्काम छोटा आहे. २ फेब्रुवारी १६०२, लंडन, मिडल टेंपलचं दालन. मेजवानीनंतर वकील मंडळींसमोर शेक्सपिअरचं 'ट्वेल्थ नाइट' चाललं आहे. जॉन मॅनिंगहॅम नावाच्या तिथल्या विद्यार्थ्यानं रोजनिशीत लिहिलं म्हणून तारीख पक्की. सर अँड्र्यू विदूषकाला विचारतो, तुझ्या लेमनसाठी सहा पेन्स पाठवले होते, मिळाले ना? दालन हसतं. आणि खुद्द 'लेओफ', आता 'लीफ' झालेला? त्याचा आता 'त्यापेक्षा हे बरं' अशा अर्थाच्या एका वाक्प्रचारापुरता उपयोग उरला. हॅम्लेट नटांना समजावताना तो वापरतो, तिथं मायेचा मागमूस नाही. पत्राच्या सुरुवातीची जागा 'डिअर'नं घेतली. तोही जुना, अस्सल इंग्रजी शब्द, त्याच्याबद्दल तक्रार नाही. पण 'डिअर'मध्ये मोलाची, किमतीची छटा आहे. 'लेओफ'मध्ये नुसती ओढ होती.

ती ओढ कुठून आली, हे समजायला तुम्हाला आपल्या बाजूला यावं लागेल. कलकत्ता, १७८६, तारीख योगायोगानं पुन्हा २ फेब्रुवारीच. दोन वर्षांपूर्वी स्थापन झालेल्या एशियाटिक सोसायटीत न्यायाधीश विल्यम जोन्स वार्षिक भाषण देतो आहे. संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन यांचं साम्य योगायोगाचं नाही, त्या एकाच मुळापासून निघाल्या असाव्यात, ते मूळ कदाचित आज उरलंही नसेल, आणि जर्मन भाषांचाही त्याच घराशी संबंध असावा, असं तो मांडतो. आपल्या शब्दाचं नाव त्यात नाही. पण पुढच्या शतकात अभ्यासकांनी ध्वनींचे नियम बसवले, तेव्हा संस्कृतात जिथं 'भ' तिथं जर्मन भाषांत 'ब' सापडत गेला. भ्राता आणि ब्रदर हे त्यातलं सगळ्यांच्या ओळखीचं उदाहरण. त्याच वाटेनं जर्मन 'लीब', डच 'लीफ', इंग्रजी 'लव्ह' आणि मेलेला 'लेओफ' ज्या धातूपाशी पोचतात, त्याचंच संस्कृत रूप म्हणजे आपला 'लुभ्'. ओढ लागणं, भुलून जाणं. त्याचाच लोभ.

आता त्याच वर्षी पुण्याला या. चार्ल्स मॅलेट इंग्रजांचा रेसिडेंट म्हणून इथं दाखल होतो आहे, नाना फडणवीसांचा कारभार आहे. शहरातल्या कुठल्याही वाड्यात शिरा, चिटणीस मांडी घालून बसलेला सापडेल. वर श्रीकार, मग 'विनंती, येथील कुशल जाणून स्वकीय कुशल लिहीत जावे', मग मजकूर. बोरू मोडीच्या वळणानं न उचलता चालतो आहे. मजकुरात काहीही असेल, थकलेली रसद, अडलेली सनद, कुणाच्या वतनाचा तंटा. शेवटाला आल्यावर मात्र हात आपोआप लिहितो, बहुत काय लिहिणे, लोभ असो दीजे हे विनंती. वर वाळू टाकली जाते, कागद गुंडाळला जातो आणि जासूद निघतो. पेशवे दफ्तराच्या रुमालांत हे वाक्य इतक्या वेळा येतं की वाचणाऱ्याची नजर त्यावरून घसरून जाते.

तुम्ही ती घसरू देऊ नका. ऑर्डलाफ जमिनीच्या तंट्याचं पत्र 'लेओफ'नं सुरू करतो आणि पुण्याचा चिटणीस तसलंच पत्र लोभानं संपवतो. दोघांची एकमेकांशी गाठ पडण्याची शक्यता नव्हती. हे शब्दांचं नातं आहे, रीत कुणी कुणाची घेतलेली नाही. पण मागणाऱ्याला मायेचाच शब्द हवा असतो, हे दोघांनी आपापल्या जागी ओळखलं होतं. मराठीनं त्यात एक अवघड गोष्ट साधली. संध्याकाळी कीर्तनात बुवा षड्रिपूंची नावं घेतात, त्यांत लोभ आहे. सकाळी तोच ऐकणारा व्याह्याला पत्र लिहितो आणि लोभ असावा म्हणतो. एकच शब्द शत्रूही आणि मागणंही. इंग्रजीनं 'लेमन' घाणीत पडला तेव्हा टाकून दिला. मराठीनं लोभ दोन्ही अर्थांनी जपला आणि 'लोभस' हा आणखी एक गोड शब्द त्यातून काढला. आपल्या भाषेचं हे मोठेपण मला मनापासून भावतं.

मेलेल्या शब्दाचे सोयरे मात्र आपल्या कचेऱ्यांत रोज भेटतात. रजेच्या अर्जातली 'लीव्ह', म्हणजे परवानगी, ही याच धातूची. 'बिलीव्ह'ही त्याच घरातला. आणि येरवड्याच्या तुरुंगात कैदी ज्या 'फर्लो'साठी अर्ज करतो, तो शब्द १७ व्या शतकात डच 'फरलोफ'वरून इंग्रजीत आला, तिथून तुरुंगाच्या १९५९ च्या नियमांत उतरला आणि बराकीत राहिलेल्या प्रत्येक माणसाच्या तोंडी बसला. चार दिवस घरी जाऊ द्या, असं वरिष्ठांकडं मागणं. मागण्याचं काम त्या शब्दानं अजून सोडलेलं नाही.

शेवटचा मुक्काम आजचा आणि श्टुटगार्टचा. १९६८ पासून मुंबईशी भगिनी-शहराचं नातं असलेलं हे गाव. तिथल्या एखाद्या कारखान्यात नोकरीला असलेली मराठी मुलगी सकाळी संगणकावर बसते आणि सहकाऱ्यांना मेल लिहिते. पहिला शब्द 'लीबे', प्रिय. ऑर्डलाफनं ठेवला होता अगदी त्या जागी, आणि लिओबाचा मठ इथून फार दूरही नव्हता. दुपारी सातारच्या मावशीचं लग्नाचं बोलावणं फोनवर येतं. मुहूर्त, कार्यालयाचा पत्ता, आहेर आणू नये, सगळं वाचून ती तळाशी येते. तिथं मावशीनं छापील मजकुराखाली स्वतः लिहिलं आहे, की रजा मिळाली तर नक्की ये, लोभ आहेच, तो वाढावा ही विनंती. मुलगी रजेचा अर्ज उघडते.